दारावरचं गणित

४ जुलै
वसतिगृह, वरचा मजला

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

पत्र पाहून दचकू नकोस, सगळं ठीक आहे. इथे मोबाइल रेक्टरबाईंच्या कपाटात कुलूपबंद असतात आणि रविवारी तासाभरासाठी बाहेर येतात. त्या तासात सगळ्या मुली एकाच जिन्यात उभ्या राहून आपापल्या घरी बोलतात, त्यामुळे कुणालाच कुणाचं ऐकू येत नाही. म्हणून पत्र. बाबा म्हणायचे, आत्याला चार ओळी लिहिल्या की ती उत्तरादाखल निबंध पाठवते. तर पाठव निबंध.

खोलीत आम्ही तिघी आहोत. एक झोपेत सूत्रं पुटपुटते, तिला आम्ही गजर म्हणतो. दुसरी इतकी हुशार आहे की काही विचारलं तर आधी हसते आणि मग सांगते, त्यामुळे तिला मी काही विचारत नाही. खिडकीतून समोरच्या इमारतीची पाठ दिसते, पाण्याचे पाइप आणि वाळत घातलेले कपडे. जेवण गरम असतं, एवढं त्याच्याबद्दल चांगलं बोलता येईल.

अभ्यासाचं तू विचारणारच, म्हणून आधीच सांगते. वर्तुळ हा धडा मी ऑप्शनला टाकला आहे. इथे प्रत्येकीचा एखादा धडा ऑप्शनला असतोच. प्रवेश परीक्षेत त्यावर दोन-तीन प्रश्न येतात, गेले तर गेले. वर्तुळाचा तास सुरू झाला की मी मागच्या बाकावर बसून दुसरंच काहीतरी सोडवते. सरांच्या अजून लक्षात आलेलं नाही.

कारण तुला कळेल. बाबांनी वर्तुळ अर्ध्यावर सोडलं. आमच्या स्वयंपाकघराच्या दाराला त्यांनी काळा रंग दिला होता, तुला माहीत आहे. बुधवारी त्यावर ते एक गणित लिहायचे. चार दिवस येता-जाता मी ते बघायचं आणि रविवारी उत्तर दाखवायचं. बाकीचे सहा दिवस ते शिकवणीच्या मुलांचे, रविवार माझा. शेवटचं गणित वर्तुळाबाहेरच्या बिंदूतून काढलेल्या स्पर्शिकांचं होतं. बुधवारी लिहिलं आणि शनिवारी बाबा गेले. आता तो धडा होता तिथेच राहू दे. दुसऱ्या कुणी पुढचा शिकवला तर तो बाबांचा राहणार नाही.

आणि ते गणितही दारावर उरलेलं नाही. माणसं भेटायला येत होती त्याच आठवड्यात आईनं ओल्या फडक्यानं दार पुसून टाकलं. मी अंघोळ करून बाहेर आले तर दार काळं कुळकुळीत. मग ती चष्म्याच्या दुकानात पुन्हा कामाला जायला लागली, आणि सुट्टी संपल्यासंपल्या तिनं माझी बॅग भरून मला इथे आणून सोडलं. हे तिला सांगू नकोस.

तुझ्या ड्रॉइंग ऑफिसात काय चाललंय ते लिही. माझ्यावर लोभ आहे तेवढा राहू दे, रागावलीस तरी.

तुझा,
भोपळा


११ जुलै

चि. भोपळ्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

दचकू नकोस म्हणालीस, पण दचकलेच. पाकिटावरचं अक्षर दुरून दादाचं वाटलं. तुझा 'र' त्याच्यासारखाच पोट पुढे काढून उभा असतो. फाटकाशीच उभी राहिले, मग पोस्टमननं विचारलं की काही वाईट बातमी आहे का. मी नाही म्हटलं. वाईट बातमी मे महिन्यातच येऊन गेली.

ऑफिसात आता सगळे नकाशे संगणकावर निघतात. मी सकाळी पंपाच्या झाकणाचा नकाशा काढते आणि संध्याकाळी साहेब म्हणतात की भोकं दोन मिलिमीटर सरकवा. खिडकीपाशी माझा जुना ड्रॉइंग बोर्ड अजून आहे. साहेब त्यावर जेवणाचा डबा ठेवतात. मी रोज त्यांच्याकडे रागानं बघते आणि ते रोज मला लोणचं देतात.

आता ऑप्शनचं. नाचता येईना अंगण वाकडं हे ऐकलं होतं, पण नाचता येत असून अंगणात उतरायचंच नाही ही तुझी तऱ्हा नवी आहे. आणि वर्तुळ हा एक धडा नाही गं. पुढे पॅराबोला, एलिप्स, सगळी वरात त्याच्याच मागे येते. पहिल्यालाच दार लावलंस तर बाकीचे कुठून आत येणार?

मलाही वर्तुळ दादानंच शिकवलं. मी तुझ्याएवढी होते, तो नुकता शिकवायला लागला होता. त्यानं मला x² + y² − 6x + 4y − 12 = 0 हे दिलं आणि केंद्र विचारलं. मी तोऱ्यात (−6, 4) सांगितलं. तो हसला नाही, एवढा एकच गुण त्याच्यात होता. म्हणाला, x सोबतचा आकडा अर्धा कर आणि त्याचं चिन्ह उलट कर, y सोबतच्याचंही तसंच. म्हणजे केंद्र (3, −2). मग त्या दोघांचे वर्ग, नऊ आणि चार, त्यातून शेवटचा आकडा वजा. शेवटचा −12 म्हणजे उलटे बारा मिळवायचे. पंचवीस झाले, त्रिज्या पाच. मी दुसऱ्या दिवशी पुन्हा (−6, 4) च सांगितलं, तो भाग वेगळा.

त्याची आणखी एक खोड होती. सगळं जग आधी अक्ष काढतं आणि मग वर्तुळ. हा आधी हातानं वर्तुळ काढायचा आणि मग अक्ष. मी विचारलं तर म्हणाला की वर्तुळ असतं तिथे असतं, अक्ष आपण आपल्या सोयीनं ओढतो. म्हणून कुठलंही गणित आलं की आधी चित्र काढायचं, असा त्याचा दंडक. तू पाच वर्षांची असताना त्यानं तुझ्याकडूनही वर्तुळ काढून घेतलं. तू जे काढलंस त्यावरून तुझं नाव पडलं. परीक्षेत तेवढा भोपळा आणू नकोस म्हणजे झालं.

पुढचं मी शिकवते, पत्रातून. ते शेवटचं गणित मला पाठव, तिथून सुरू करू. मी त्याचीच विद्यार्थिनी आहे, तेव्हा परक्याचा हात लागला असं होणार नाही.

वहिनीबद्दल तू जे लिहिलंस ते मला आवडलं नाही. पण खोटं कशाला बोलू, दार पुसल्याचं वाचून मलाही वाईट वाटलं. फार वाटलं. जगात दादा अशी हाक मारायला आता मला कुणी नाही.

नीट जेव. आत्याची आठवण ठेव, गरज पडल्यावरच नव्हे.

तुझी,
आत्या


१९ जुलै

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

तू मदत म्हणून लिहिलंस हे कळतं, पण मला पुढचं शिकायचं नाही आणि ते गणित कुणाला दाखवायचं नाही. तू पुन्हा विचारशील, म्हणून खरं कारण सांगते. ते गणित चुकलेलं आहे.

बुधवारी बाबांनी ते लिहिलं आणि गुरुवारी मी सोडवलं. वर्तुळाबाहेरच्या बिंदूतून नेहमी दोन स्पर्शिका निघतात, हे बाबांनीच शिकवलं. माझ्या उत्तरात एकच येते. इथे आल्यावरही कितीदा सोडवलं. एकच येते. बाबांनी आयुष्यात चुकीचं गणित घातलं नव्हतं. तू म्हणशील, होते चूक माणसाकडून. पण त्याच आठवड्यात त्यांनी मला दोनदा तुझ्या नावानं हाक मारली होती. छत्री शिकवणीच्या वर्गात विसरून आले होते. डोकं दुखतंय म्हणाले होते. आणि शनिवारी मेंदूत रक्तस्राव.

म्हणजे दारावर आजार लिहिलेला होता, आत्या. बुधवारपासून. घरात तो वाचता येणारी मी एकटीच होते. मी वाचला, मनात म्हटलं बाबा चुकले, रविवारी पकडते त्यांना, आणि जेवायला गेले. गुरुवारीच बोलले असते तर कुणी त्यांना डॉक्टरकडे नेलं असतं. मग ते आज असते.

म्हणून वर्तुळ नको. झाकली मूठ राहू दे. तू ते गणित सोडवलंस आणि तुझंही उत्तर एकच आलं तर मला कुठे तोंड लपवायला जागा राहणार नाही.

आई परवा येऊन गेली. धुतलेल्या चादरी आणल्या. गजरच्या चष्म्याचा स्क्रू ढिला होता, तो तिनं पर्समधल्या चिमुकल्या पेचकसानं पिळून दिला. मला विचारलं जेवतेस का, झोपतेस का. बाबांबद्दल एक अक्षर नाही. तिला काही वाटतच नाही का? बस सुटली तेव्हा तिनं हात हलवला, आणि मी वरून नुसती बघत राहिले.

रागावू नकोस.

तुझा,
भोपळा


२४ जुलै

चि. भोपळ्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

आज निबंध नाही. एवढं ओझं घेऊन तू त्या जिन्यातून चढ-उतार करत होतीस आणि मी तुला (−6, 4) चे विनोद सांगत बसले होते. मला माझीच लाज वाटली.

दवाखान्यात डॉक्टरांशी मी स्वतः बोलले होते. त्यांनी स्पष्ट सांगितलं की आधी काही कळण्याची सोय नव्हती. पण माझ्या सांगण्यानं तुझं समाधान व्हायचं नाही हे मी ओळखून आहे. तू त्याची मुलगी आहेस, तुला करून दाखवावं लागतं. म्हणून गणित पाठव. आकडे आणि तू केलेली रीत, दोन्ही. आणि चित्र काढलं होतंस का, तेही लिही.

उत्तर एकच आलं तर मी तुला एकच आलं असं लिहीन. लपवणार नाही. पण मग ते आपल्या दोघींचं असेल, तुझं एकटीचं नाही.

लगेच लिही. वाट बघते.

तुझी,
आत्या


२ ऑगस्ट

प्रिय वन्सं,
स. न. वि. वि.

तुमचं पत्र आलं. पाकिटावर माझ्या नावाआधी पूर्वी सौ. लिहायचात, या वेळी जागा मोकळी होती. तुमचा हात अडला असेल. माझाही अडतो.

तुम्ही सरळ विचारलंत ते बरं केलंत. हो, दार मी पुसलं.

तुम्ही परत गेलात त्यानंतर भेटायला येणारे पुष्कळ होते. शिकवणीची मुलं, त्यांचे आईवडील. बसायला जागा पुरत नसे, मग कुणी ना कुणी स्वयंपाकघराच्या दाराला टेकून उभं राही. पहिल्या दिवशी ह्यांच्या वर्तुळाची कड पुसट झाली. मी तिथे खुर्ची लावून ठेवली, तर कुणीतरी ती बसायला उचलून नेली. आलेल्या माणसाला तिथे टेकू नका म्हणून कसं सांगायचं? तिसऱ्या दिवशी शिकवणीचे मालक निरोप घेऊन निघाले, त्यांचा कोट गडद रंगाचा. पाठीवर खडू होता. ह्यांचं अक्षर त्यांच्या पाठीवर बसून जिना उतरत होतं, वन्सं. मला ते बघवलं नाही. रोज थोडं थोडं जायचं त्यापेक्षा एकदाच जाऊ दे, असं मला झालं. आधी आकडे पुसले. वर्तुळ पुसायला वेळ लागला.

पोरीला सांगायला हवं होतं. पण तिच्यासमोर ह्यांचा विषय काढायला गेले की माझा आवाजच निघत नाही. दुकानात बरी असते. काच चौकटीत बसवताना हात हलून चालत नाही, त्यामुळे दुसरं काही मनात येत नाही. तिला वसतिगृहात ठेवलं तेही त्यासाठीच. घरात राहिली असती तर माझ्याकडे बघत बसली असती, आणि अभ्यास राहिला असता. ती मला दगड म्हणत असेल. म्हणू दे, पण शिकू दे.

तुम्ही तिला लिहिता हे मला आवडतं. ह्यांच्या विषयातलं मला काही कळत नाही. तुमचा आधार आहे तो असाच राहू दे.

तुमची,
वहिनी


५ ऑगस्ट

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

किती दिवस पाकीट समोर ठेवून बसले. गजर म्हणाली, पाठवायचं नसेल तर मला दे, मी वाचते. म्हणून पाठवते.

दारावर असं होतं: x² + y² = 9 या वर्तुळाला (3, 6) या बिंदूतून जाणाऱ्या दोन्ही स्पर्शिका काढा. 'दोन्ही' या शब्दाखाली रेघ होती.

माझी रीत. केंद्र (0, 0), त्रिज्या 3. बिंदूतून जाणारी रेषा y − 6 = m(x − 3), इथे m म्हणजे तिचा चढ. ती स्पर्शिका असेल तर केंद्रापासून तिचं लंब अंतर त्रिज्येइतकं हवं. त्यावरून (6 − 3m)² = 9(m² + 1). उलगडलं तर 36 − 36m + 9m² = 9m² + 9. दोन्हीकडचा 9m² उडतो. वर्गसमीकरण राहतच नाही, मग दोन उत्तरं येणार कुठून? m = 3/4, बस. रेषा 3x − 4y + 15 = 0. ती तपासली, बरोबर आहे. दुसरी नाही.

चित्र काढलं नाही. कंपास हातात घेते आणि परत ठेवते. वर्तुळ काढायला माझा हात उचलत नाही. बाबांनी काढलेलं पुसलं गेलं आणि त्या जागी मी माझं काढायचं, हे मला जमत नाही.

काय आलं ते सरळ लिही.

तुझा,
भोपळा


९ ऑगस्ट

चि. भोपळ्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

दादा चुकला नव्हता. हे आधी वाच, दोनदा वाच, मग पुढे जा.

तुझं पत्र मी ऑफिसात नेलं. साहेबांचा डबा उचलून बाजूला ठेवला आणि बोर्डावर मोठा कागद लावला. आधी वर्तुळ काढलं, मग अक्ष ओढले, मग (3, 6) वर ठिपका दिला. त्या ठिपक्यावर पट्टी ठेवून फिरवली. डावीकडे कलती एक रेषा मिळाली, तीच तुझी. पट्टी आणखी फिरवली, तर ती सरळ उभी राहिली आणि वर्तुळाला उजव्या कडेला, (3, 0) पाशी टेकली. x = 3. ही तुझी दुसरी स्पर्शिका.

तू y − 6 = m(x − 3) असं मांडलंस तिथेच ती निसटली. उभ्या रेषेला चढ म्हणून कुठली संख्याच नसते, मग m मधून ती सापडणार कशी? m² उडाला म्हणजे एक स्पर्शिका नाही, असं नव्हे. एक उभी आहे, असं. परीक्षेत कधीही m² उडाला की उभी रेषा तपासायची, हे पक्कं कर.

आता आकडे बघ. त्रिज्या 3 आणि बिंदूचा x सुद्धा 3. हा काही योगायोग नाही. त्यानं मुद्दाम तो बिंदू तिथे ठेवला, 'दोन्ही' खाली रेघ मारली आणि तू कधी फसतेस याची वाट बघत बसला. डोकं ठिकाणावर असलेल्या माणसालाच असा खोडसाळपणा सुचतो. दारावर आजार लिहिलेला नव्हता. तुला वाचता येण्यासारखं तिथे काही नव्हतं. हे गणित त्यानं मला कधी घातलं नाही याचा मात्र मला राग आला. खरंच आला.

आणि मग मी बोर्डावरच डोकं टेकून रडले. आपल्या मनात कुठेतरी होतं ना, की तो आठवडाभर हळूहळू जात होता. तसं नव्हतं. तो पुरता होता, मजेत होता, आणि तसाच गेला. यानं मला बरं वाटलं की वाईट, ते अजून कळलेलं नाही. साहेबांनी काही न विचारता डबा घेतला आणि दुसरीकडे जाऊन जेवले.

आणखी एक. मी वहिनीला दाराबद्दल विचारलं. तिचं उत्तर आलं. भेटायला येणारी माणसं दाराला टेकायची आणि दादाचं अक्षर त्यांच्या कपड्यांना लागून रस्त्यानं जायचं. ते रोज थोडं थोडं जाताना तिला बघवेना, म्हणून तिनं एकदाच पुसलं. आणि तुझ्यासमोर त्याचा विषय काढला की तिचा आवाज जातो, म्हणून ती जेवलीस का एवढंच विचारते. हे तुला सांगू नका असं तिनं लिहिलं नव्हतं, म्हणून सांगितलं. गणिताचं मी तिला काही लिहिलेलं नाही. ते तुझं आहे, तू लिही.

वर्तुळ ऑप्शनमधून काढ. पुढचा भाग पुढच्या पत्रापासून.

माया तशीच आहे, वाढलीच असेल.

तुझी,
आत्या


१८ ऑगस्ट

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

मी तुला पहिल्यांदाच पत्र लिहिते आहे, त्यामुळे कसं लिहायचं ते कळत नाही. चादरी छान आहेत. गजरचा चष्मा तेव्हापासून नाकावर टिकून आहे, ती तुला नमस्कार सांगते.

दार पुसलंस म्हणून मी तुझ्यावर रागावले होते. आत्यानं मला सगळं लिहिलं. आता राग नाही. तू बसमधून हात हलवलास तेव्हा मी हलवला नाही, त्याचं मला रोज वाईट वाटतं.

बाबांचं दारावरचं शेवटचं गणित माझ्याकडून सुटत नव्हतं. सोपं करून सांगते. स्पर्शिका म्हणजे वर्तुळाला एकाच ठिकाणी टेकून पुढे जाणारी रेषा. बाहेरच्या बिंदूतून अशा दोन निघतात. मला एकच सापडत होती, म्हणून मला वाटलं बाबांनी गणित चुकीचं घातलं, म्हणजे ते बुधवारपासूनच आजारी होते आणि मला कळूनही मी बोलले नाही. हे मी इतके दिवस कुणाला सांगितलं नव्हतं. तुलाही नाही. दुसरी रेषा सरळ उभी होती, अगदी डोळ्यांसमोर. काखेत कळसा आणि गावाला वळसा. आत्यानं दाखवल्यावर मी स्वतः चित्र काढून बघितलं. माझं वर्तुळ अजूनही भोपळ्यासारखंच येतं, पण दोन्ही रेषा त्याला टेकल्या. वर्तुळाच्या तासाला आता मी पुढच्या बाकावर बसते.

पण एक राहिलंय. त्या आठवड्यात बाबा खरोखर कसे होते? मी घरातच होते आणि माझं लक्ष नव्हतं, सारखी पुस्तकात होते. त्यांनी मला आत्याच्या नावानं हाक का मारली? त्यांचं डोकं किती दुखत होतं? तुला माहीत असेल. सांगताना तुझा आवाज जात असेल तर लिही. पत्राला आवाज लागत नाही.

रविवारी येशील तेव्हा आधीची बस धर. तुझी माया आहे हे मला कळलंय, आणि मी ते विसरणार नाही.

तुझी,
मुलगी


२५ ऑगस्ट

चि. बाळास,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. किती वेळा वाचलं ते विचारू नकोस. मला तुमच्यासारखं लिहिता येत नाही, दुकानात फक्त नंबर लिहायची सवय. जमेल तसं लिहिते.

आत्याच्या नावानं ते तुला तू पाळण्यात होतीस तेव्हापासून हाक मारायचे, खुशीत असले की. छत्री तर ते वर्षातून चार वेळा वर्गात विसरायचे, तिथला शिपाई ती आणून द्यायचा. डोकं गुरुवारी दुखलं, झोपून उठल्यावर राहिलं. मी विचारलं होतं. असं त्यांचं महिन्यातून एकदा होतंच असे.

आता शनिवारचं सांगते. सकाळी ते बेसिनपाशी दाढी करत होते आणि एकटेच हसत होते. मी म्हटलं, काय झालं? म्हणाले की पोरीसाठी मी दारावर सापळा लावलाय. तिला एकच सापडेल. मग उद्या बाबांची चूक धरली म्हणून मिरवत येईल, भांडेल, आणि दुसरीसाठी तिला माझ्याकडेच यावं लागेल. कसली एक आणि कसली दुसरी, मला काही कळलं नाही. मी म्हटलं, परीक्षेच्या वर्षात मुलीला कशाला छळता, तिकडे चहा निवतोय. ते आणखीच हसायला लागले आणि हनुवटीला कापून घेतलं. त्यावर कागदाचा कपटा चिकटवून चहा प्यायले आणि तसेच शिकवणीला गेले. मी त्यांना शेवटचं पाहिलं ते तसं, हनुवटीवर कपटा आणि डोळ्यांत ते हसू.

बाळ, हे सगळं मला माहीत होतं. तू तिकडे मनात एवढं घेऊन बसली होतीस आणि उत्तर माझ्याकडे होतं. मला कुणी विचारलं नाही, आणि हे सांगण्यासारखं आहे हे मलाही कळलं नाही. मला वाटलं, तुमचं गणिताचं काहीतरी असेल, त्यात मी काय बोलायचं. मला ते एकटीलाच आठवायचं, आणि आठवलं की मी दुकानात आणखी एक चष्मा हातात घ्यायचे. आता तुला दिलं. तुझे बाबा तुझ्यावर वैतागून गेले नाहीत, आजारी होऊन गेले नाहीत. रविवारची वाट बघत गेले.

मीही त्यांची वाट बघते. अजून. हे तुला सांगायला नको होतं, पण तू विचारलंस ते कसे होते, तर हेही त्यातच आलं.

या रविवारी पहिल्या बसनं येते. दिवसभर थांबेन. तू वर्तुळाचं मला नीट समजावून सांग, मला कळलं नाही तरी सांग.

तुझं पत्र त्या दिवशी दुकानातून येताना खालच्या पेटीत मिळालं. जिन्यातच उभ्यानं वाचून काढलं. वर आले, कुलूप उघडलं, आणि चपला काढता काढता आत बघून मोठ्यानं सांगून टाकलं की अहो, तिला दुसरीही सापडली. रोज दुकानातलं काही सांगायचे ना त्यांना, तसं. आणि मग ते काय म्हणतात म्हणून थोडा वेळ तशीच उभी राहिले.

जपून राहा. माझा सगळा जीव तुझ्यापाशी आहे.

तुझी,
आई